स्कॉटलंडचा शॉर्टब्रेड : तीन जिन्नस आणि मंद आच

मैदा, लोणी आणि साखर या तीनच जिनसांपासून तयार होणारा शॉर्टब्रेड हा स्कॉटलंडच्या खाद्यपरंपरेतील सर्वांत प्रसिद्ध पदार्थांपैकी एक आहे. त्यात अंडे नसते, दूध नसते, फुगवण्यासाठी सोडा किंवा बेकिंग पावडर नसते आणि जुन्या वळणाच्या कृतीत कोणता सुगंधी अर्कही नसतो. वजनाने एक भाग साखर, दोन भाग लोणी आणि तीन भाग मैदा एवढेच त्याचे सूत्र आहे. सूत्र साधे असल्यामुळे हा पदार्थ घरी करण्यास सोपा समजला जातो. प्रत्यक्षात तो करणाऱ्याची चांगलीच परीक्षा पाहतो. लोणी जुने असले, पीठ गरजेपेक्षा अधिक मळले गेले किंवा आच थोडी चढली, तर केकमध्ये सहज झाकली जाणारी ही चूक शॉर्टब्रेडमध्ये पहिल्याच घासाला कळते.

नावातील 'शॉर्ट' या शब्दाचा लांबी-आखूडपणाशी संबंध नाही. जुन्या इंग्रजीत पिठाच्या पदार्थाला हा शब्द लावला, की त्याचा अर्थ ठिसूळ, चटकन भुगा होणारा असा होई. मराठीत त्यासाठी 'खुसखुशीत' हा नेमका शब्द आहे. त्यामागची क्रिया तर महाराष्ट्रातील प्रत्येक स्वयंपाकघराला परिचित आहे. करंजी, शंकरपाळे किंवा चिरोटे यांच्या पिठात मोहन घातले जाते, ते याच कारणासाठी. गव्हाच्या पिठातील प्रथिने पाण्याशी एकत्र येऊन ग्लुटेनचे चिवट धागे तयार करतात. पिठाच्या कणांवर आधीच स्निग्ध पदार्थाचा लेप बसला, तर त्यांच्यापर्यंत पाणी पोहोचत नाही, धागे आखूड राहतात आणि पदार्थ चिवट होण्याऐवजी खुसखुशीत होतो. शॉर्टब्रेडमध्ये हे मोहन पिठाच्या वजनाच्या दोनतृतीयांश असते आणि वरून पाण्याचा थेंबही घातला जात नाही. शंकरपाळ्याचे पीठ भिजवणाऱ्या हाताला हे प्रमाण प्रथम धक्कादायकच वाटते.

ओट खाणाऱ्या देशातील मैद्याचा पदार्थ

मध्ययुगात ब्रिटनमध्ये पावाचे उरलेले पीठ पुन्हा मंद भट्टीत वाळवून, वर साखर किंवा मसाला पेरून कडक 'बिस्किट ब्रेड' केला जात असे. शॉर्टब्रेडचे मूळ सामान्यतः या पदार्थात शोधले जाते. पुढे पीठ फुगवणाऱ्या यीस्टची जागा हळूहळू लोण्याने घेतली आणि कोरड्या, टणक पावाचा श्रीमंती खाऊ झाला. ग्लासगो येथे १७३६ साली प्रसिद्ध झालेले मिसेस मॅक्लिंटॉक यांचे पुस्तक हे स्कॉटलंडमधील पहिले छापील पाककृतींचे पुस्तक मानले जाते. त्यात शॉर्टब्रेडची कृती आहे. त्या काळच्या कृतींतून यीस्ट अद्याप पूर्णपणे हद्दपार झालेले नव्हते.

श्रीमंती हा शब्द येथे जपून वापरलेला नाही. स्कॉटलंडच्या थंड आणि ओलसर हवेत गव्हापेक्षा ओट आणि जव अधिक चांगले येतात. शतकानुशतके सामान्य माणसाचे अन्न म्हणजे ओटची लापशी आणि ओटच्या कडक भाकऱ्या हेच होते. डॉ. सॅम्युअल जॉन्सन यांनी १७५५ च्या आपल्या इंग्रजी शब्दकोशात ओटचा अर्थ देताना, हे धान्य इंग्लंडमध्ये घोड्यांना घालतात आणि स्कॉटलंडमध्ये त्यावर माणसे जगतात, अशा आशयाचा खोचक शेरा मारला होता. अशा देशात चाळलेला पांढरा मैदा ही सणासुदीची वस्तू होती. लोणी घरचे असले तरी ते बाजारात विकून रोकड मिळत असे. त्यामुळे मुलांच्या खाऊसाठी पाव किलो लोणी एका वेळी वापरणे सामान्य शेतकरी कुटुंबाला वर्षातून एकदोनदाच शक्य होई.

साखरेची कहाणी अधिक कटू आहे. ग्लासगोमध्ये साखर शुद्ध करण्याचा पहिला कारखाना १६६७ साली निघाला. क्लाइड नदीच्या मुखाजवळील ग्रीनॉक या बंदरात हा उद्योग १७६५ पासून सुरू झाला आणि तेथील शेवटचा कारखाना १९९७ साली बंद पडला. अठराव्या शतकात या कारखान्यांना लागणारी कच्ची साखर कॅरिबियन बेटांवरील मळ्यांतून येत होती आणि ते मळे आफ्रिकेतून पकडून नेलेल्या गुलामांच्या श्रमावर उभे होते. अनेक स्कॉटिश कुटुंबांची संपत्ती याच व्यापारातून आली. साखर स्वस्त झाली, तसा शॉर्टब्रेड सरदारांच्या मेजावरून मध्यमवर्गीय घरांत उतरला. आकर्षक डब्यांवर हिरव्या टेकड्या आणि चौकड्यांचे टार्टन कापड दिसते. पदार्थाच्या इतिहासाची ही बाजू मात्र त्यांवर कोठेही दिसत नाही.

स्कॉटलंडची राणी मेरी (१५४२–१५८७) हिला शॉर्टब्रेड अत्यंत प्रिय होता, असे सांगितले जाते. तिच्या आवडीचा म्हणून जो प्रकार ओळखला जातो, त्यात शहाजिऱ्यासारखे दिसणारे कॅरवेचे दाणे असत. गोल वडीचे पंख्यासारखे तुकडे पाडलेल्या या प्रकाराला 'पेटिकोट टेल्स' म्हणतात. हे नाव लहान केकसाठी असलेल्या एका फ्रेंच शब्दाचा अपभ्रंश आहे, असे काही जण मानतात. तर त्या काळच्या घेरदार परकराच्या कळ्यांसारखा आकार असल्यामुळे हे नाव पडले, असे इतरांचे मत आहे. मेरीचे बालपण फ्रान्समध्ये गेल्यामुळे पहिली व्युत्पत्ती आकर्षक वाटते. मात्र दुसरी अधिक सरळ आहे, आणि तुकड्यांकडे पाहिले की तीच पटते.

उंबरठ्यावरचा खाऊ

शॉर्टब्रेड आणि वर्षअखेर यांचे नाते स्कॉटलंडमध्ये घट्ट आहे. धर्मसुधारणेनंतर तेथील प्रेस्बिटेरियन चर्चने नाताळच्या उत्सवाकडे संशयाने पाहिले आणि १६४० साली स्कॉटलंडच्या संसदेने नाताळची सुटीही रद्द केली. तेथे २५ डिसेंबर हा सार्वजनिक सुटीचा दिवस झाला तो थेट १९५८ साली. साहजिकच लोकांचा सारा उत्साह ३१ डिसेंबरच्या रात्रीकडे, म्हणजे 'हॉगमने'कडे वळला. मध्यरात्रीनंतर घराचा उंबरठा प्रथम ओलांडणारी व्यक्ती वर्षभराचे नशीब घेऊन येते, अशी समजूत आहे. ती उंच आणि काळ्या केसांचा पुरुष असल्यास शुभ, आणि तिने रिकाम्या हाताने येता कामा नये. दगडी कोळशाचा तुकडा, मीठ, व्हिस्की, सुक्या मेव्याने गच्च भरलेला 'ब्लॅक बन' आणि शॉर्टब्रेड या तिच्या हातातील पारंपरिक वस्तू होत. घरात ऊब, चव आणि अन्न कमी पडू नये, हा त्यामागचा भाव.

शेटलंड बेटांवर विवाहप्रसंगी नवी नवरी घरात प्रवेश करीत असताना तिच्या डोक्यावर नक्षीदार शॉर्टब्रेड मोडण्याची प्रथा होती. त्याचे तुकडे मिळवण्यासाठी पाहुण्यांची झुंबड उडे. उंबरठ्यावर माप ओलांडणाऱ्या नवरीची आठवण मराठी वाचकाला झाल्यास नवल नाही, कारण दोन्हीकडे घरात येणारे पहिले पाऊल आणि धान्य यांची सांगड आहे.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात या परंपरेला मोठी खीळ बसली. ब्रिटनमध्ये जानेवारी १९४० पासून लोणी आणि साखर शिधापत्रिकेवर गेली. लोण्याचा वाटा बहुतेक काळ माणशी आठवड्याला दोन औंस, म्हणजे सुमारे ५७ ग्रॅम एवढाच होता. पुढे दिलेल्या कृतीतील २०० ग्रॅम लोणी म्हणजे एका माणसाचा साडेतीन आठवड्यांचा शिधा होय. तेव्हाच्या गृहिणींनी मार्गरीन वापरून वेळ निभावली, पण लोण्यावरील निर्बंध मे १९५४ मध्ये उठेपर्यंत खरा शॉर्टब्रेड अनेक घरांत आठवणीपुरताच उरला होता. डब्यावर 'केवळ लोण्यात केलेला' हे शब्द ठळकपणे छापण्यामागे हीच पार्श्वभूमी असावी, असे मानण्यास जागा आहे. आज हा पदार्थ मोठ्या प्रमाणावर कारखान्यांत तयार होऊन निर्यात होतो. जोसेफ वॉकर यांनी १८९८ साली सुरू केलेली आणि स्पे नदीच्या खोऱ्यातील ॲबरलूर या गावाशी जोडलेली बेकरी ही त्यांतील सर्वांत परिचित होय. तरीही स्कॉटलंडमधील घरांत आजीच्या हाताच्या शॉर्टब्रेडशी डब्यातल्या शॉर्टब्रेडची तुलना केली जातेच आणि निकाल बहुधा आधीच ठरलेला असतो.

लोणी कोणते घ्यावे

भारतात घरी शॉर्टब्रेड करू पाहणाऱ्यांना सर्वांत आधी लोण्याचा विचार करावा लागतो. बाजारातील पिवळ्या टेबल बटरमध्ये नियमानुसार किमान ८० टक्के दुधाची स्निग्धता असते, पाणी १६ टक्क्यांपेक्षा अधिक नसते आणि मीठ जास्तीत जास्त ३ टक्के असू शकते. हे बटर शॉर्टब्रेडला चालते. मात्र ते वापरल्यास पिठात वेगळे मीठ घालू नये. बिनमिठाचे बटर मिळाल्यास ते अधिक चांगले. त्यात पाव चहाचा चमचा मीठ घालावे, कारण मिठाशिवाय शॉर्टब्रेडचा गोडवा सपक लागतो.

घरच्या सायीचे लोणी वापरण्याचा मोह अनेकांना होतो. तो चुकीचा नाही. मात्र घरच्या लोण्यात पाण्याचा आणि ताकाचा अंश बाजारच्या बटरपेक्षा बराच अधिक राहतो. तोच अंश मैद्याला चिकटपणा आणतो आणि वडी खुसखुशीत होण्याऐवजी कडक होते. असे लोणी थंड पाण्यात, पाणी नितळ येईपर्यंत तीनचार वेळा धुवावे. नंतर ताटलीत पसरून लाकडी डावाने दाबत राहावे, म्हणजे आत अडकलेले पाण्याचे थेंब बाहेर येतात. ते कापडाने टिपून लोणी फ्रीजमध्ये घट्ट करावे. विरजण लावलेल्या सायीच्या लोण्याला किंचित आंबूस वास असतो. तो शॉर्टब्रेडमध्ये उतरतो आणि वाईटही लागत नाही.

साजूक तुपाविषयी मात्र स्पष्ट सांगितले पाहिजे. तूप वापरून जो पदार्थ तयार होतो तो रुचकर असतो, पण तो शॉर्टब्रेड नसतो. लोण्यात स्निग्धतेखेरीज थोडे दुधातील प्रथिन आणि दुग्धशर्करा असते. मंद आचेवर तासभर भाजताना हे घटक हळूहळू खरपूस होतात आणि शॉर्टब्रेडचा विशिष्ट स्वाद त्यातूनच येतो. तूप कढवताना हे घटक बेरीच्या रूपाने आधीच वेगळे झालेले असतात. त्यामुळे तुपातील वडीला तुपाचा वास येतो, लोण्याचा येत नाही. वनस्पती तूप आणि बेकरीत वापरले जाणारे स्वस्त स्निग्ध पदार्थ वडी खुसखुशीत करतात खरे. चवीच्या बाबतीत मात्र ते काहीच देत नाहीत. अशा स्निग्ध पदार्थांतील घातक ट्रान्स फॅटवर भारतात १ जानेवारी २०२२ पासून २ टक्क्यांची मर्यादा आहे. तयार बिस्किटाच्या पुड्यावर 'बटर' हा शब्द असला तरी मागील बाजूची घटकांची यादी वाचावी. तेथे पामतेल पहिल्या दोनतीन नावांत असल्यास त्यातील लोणी बहुधा नावापुरतेच असते.

मैदा नेहमीचा चालतो. त्याचा सहावा हिस्सा काढून तेवढीच तांदळाची पिठी घातल्यास ग्लुटेन कमी होते आणि वडीला हलका रवाळपणा येतो. ही भारतीय तडजोड नव्हे. स्कॉटलंडमध्येही तांदळाची पिठी किंवा बारीक रवा घालण्याची पद्धत जुनी आहे. एफ. मॅरियन मॅकनील यांच्या १९२९ सालच्या 'द स्कॉट्स किचन' या नावाजलेल्या ग्रंथातही तांदळाच्या पिठीचा वापर आढळतो. साखर मात्र आपल्याकडील दाणेदार घेऊ नये. तिचे खडे पिठात तसेच राहतात आणि भाजताना ठिपक्यांसारखे वितळतात. ती मिक्सरमधून दोनतीन वेळा फिरवून बारीक रव्याइतकी करावी. अगदी पिठीसाखर घेतल्यास वडी गुळगुळीत आणि मऊसर होते, दाताखाली येणारी कुरकुर जाते. काहींना तीच आवडते.

प्रमाण आणि कृती

वीस सेंटिमीटर बाजू असलेल्या चौकोनी ट्रेसाठी पुढील प्रमाण पुरेसे आहे : मैदा २५० ग्रॅम, तांदळाची पिठी ५० ग्रॅम, बटर २०० ग्रॅम आणि बारीक केलेली साखर १०० ग्रॅम. यात सुमारे वीस वड्या होतात. वाट्यांच्या मापावर विसंबू नये. वाटी दाबून भरली की मैदा सहज वाढतो आणि शॉर्टब्रेडचे सारे गणित वजनावर आधारलेले आहे. स्वयंपाकघरातील लहान वजनकाटा या पदार्थासाठी ओव्हनइतकाच महत्त्वाचा आहे.

बटर फ्रीजमधून काढून, बोटाने दाबले असता खळी पडेल पण बोट आत रुतणार नाही, इतपत मऊ होऊ द्यावे. ते साखरेसह लाकडी डावाने एकजीव करावे. केकप्रमाणे फेसण्याची गरज नाही. फेसल्याने आत हवा भरते आणि वडी भाजताना पसरते. आता मैदा व पिठी एकत्र चाळून त्यात घालावी आणि बोटांच्या टोकांनी हलकेच चोळावी. तळहात वापरू नये, कारण तळहाताच्या उष्णतेने लोणी वितळते. मिश्रण सुरुवातीला भुगाभुगा दिसते आणि येथे बहुतेक नवशिक्यांचा धीर सुटतो. पीठ कोरडे वाटले म्हणून चमचाभर दूध किंवा पाणी घालण्याची इच्छा होते. ती आवरावी. करंजीच्या पिठाला मोहन पुरेसे लागले की नाही हे पाहण्यासाठी मुठीत पीठ दाबून मुटका वळून पाहतात, तीच परीक्षा येथेही घ्यावी. मुटका वळला की पीठ तयार आहे. ते मळू नये. केवळ गोळा करावे.

उन्हाळ्यात हे काम अवघड होते. लोणी साधारण ३२ ते ३५ अंश सेल्सियसला वितळते आणि एप्रिल-मे महिन्यांत भारतातील बहुतेक स्वयंपाकघरांचे तापमान याच्याही वर असते. थंड हवेच्या देशात जन्मलेल्या कृतीत याविषयी सूचना नसतात, कारण त्यांची गरजच नसते. येथे मात्र सकाळच्या गारव्यात काम करावे, मैदा आणि परात आधी अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवावी आणि पीठ चकचकीत, तेलकट दिसू लागताच पुन्हा थंड करण्यास ठेवावे.

ट्रेला तळाशी कागद लावून त्यात मिश्रण पसरावे आणि वाटीच्या बुडाने दाबून सपाट करावे. जाडी सुमारे सव्वा सेंटिमीटर येते. सुरीने बोटभर रुंदीच्या वड्यांच्या खुणा कराव्यात आणि प्रत्येक वडीवर काट्याने तीनचार ठिकाणी तळापर्यंत भोके पाडावीत. ही भोके शोभेची वाटतात, परंतु लोण्यातील पाण्याची वाफ त्यांतून बाहेर पडते. ती न पाडल्यास मध्यभागी फुगारे येतात. आता ट्रे अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवावा. थंड झालेले पीठ ओव्हनमध्ये आकार धरून राहते.

गोल आकार हवा असल्यास हेच पीठ थाळीत गोलाकार थापून कडेला चिमटीने मुरड घालतात आणि वर आठ पंखे आखतात. कडेच्या या मुरडीचा संबंध काही अभ्यासक सूर्याच्या किरणांशी आणि ख्रिस्तपूर्व काळातील हिवाळी सणांशी जोडतात. जुन्या घरांत काटेरी थिसल फुलाची नक्षी कोरलेले लाकडी साचे असत. पर्थशर परगण्यात बदाम आणि संत्र्याची साल घालून जाड शॉर्टब्रेड केला जाई आणि तो तेथील पिटकेथली या गावाच्या नावाने ओळखला जातो. बिस्किटांसारखे सुटे गोल तुकडे करायचे असल्यास पीठ एक सेंटिमीटर जाड लाटून साच्याने कापावे. त्यांना भाजण्यास वेळ निम्माच लागतो.

भाजणी

ओव्हन १५० ते १६० अंश सेल्सियसवर आधी दहापंधरा मिनिटे तापवावा. ट्रेमधील शॉर्टब्रेडला ४५ ते ५५ मिनिटे लागतात, सुट्या गोल तुकड्यांना २० ते २५. घरगुती लहान ओव्हनचे बटण दाखवते ते तापमान आणि आतील प्रत्यक्ष तापमान यांत बऱ्याचदा फरक असतो. आत ठेवता येणारा तापमापक मिळतो. तो घेतल्यास पुष्कळ मनस्ताप वाचतो. केवळ मायक्रोवेव्हच्या लहरींवर शॉर्टब्रेड होत नाही, कन्व्हेक्शनची सोय असल्यास होतो.

रंगाबाबत येथील सवय बाजूला ठेवावी लागते. आपल्याकडे भाजलेला पदार्थ तांबूस दिसला की समाधान वाटते. शॉर्टब्रेडचा रंग मात्र फिकट, ताज्या पेंढ्यासारखा असावा आणि केवळ कडांवर सोनेरी झाक यावी. वरून तांबूस होईपर्यंत ठेवल्यास लोण्याचा नाजूक स्वाद करपटपणाखाली दबतो. आच कमी आणि वेळ अधिक देण्याचे कारण हेच : पाणी पूर्णपणे निघून जावे, पीठ आतपर्यंत भाजले जावे आणि रंग मात्र चढू नये. मध्यभागी कच्चेपणा राहिला की दुसऱ्या दिवशी वडी पिठूळ लागते. शंका असल्यास तापमान दहा अंशांनी उतरवून आणखी दहा मिनिटे ठेवावे.

ओव्हनमधून काढलेला शॉर्टब्रेड मऊ असतो आणि अनेकांना तो फसला असे वाटते. तो थंड होता होता कडक होतो. ट्रे गरम असतानाच आधी केलेल्या खुणांवरून सुरी फिरवून वड्या सुट्या कराव्यात आणि वर थोडी साखर भुरभुरावी. थंड झाल्यावर कापण्याचा प्रयत्न केल्यास तुकडे वेडेवाकडे मोडतात. मात्र ट्रेमधून त्या पूर्ण गार झाल्यावरच उचलाव्यात.

ओव्हन नसलेल्या घरांत जाड बुडाच्या कढईत मिठाचा दोन सेंटिमीटर थर पसरून, त्यावर तिवई आणि घट्ट झाकण ठेवून भाजता येते. कुकर यासाठी वापरला जातो, परंतु तो कोरडा तापवू नये, अशी सूचना अनेक उत्पादक देतात; वापरलाच तर झाकणाची रबरी रिंग आणि शिटी काढणे अत्यावश्यक आहे. कढई अगदी मंद आचेवर पंधरा मिनिटे तापवून मग प्रमाणाच्या निम्म्या पिठाची थाळी आत ठेवावी आणि अर्ध्या तासानंतर पाहावे. खालून उष्णता अधिक मिळत असल्यामुळे तळ लवकर रंगतो, तर वरचा भाग पांढराच राहतो. ओव्हनची सर याला येत नाही, पण चव बरीच जवळ जाते.

वडी पसरली तर लोणी फार मऊ होते किंवा फेसले गेले होते, असे समजावे. दगडासारखी कडक झाली तर पीठ मळले गेले किंवा त्यात पाणी शिरले. हातात घेताच भुगा झाला, तर मैदा कमी पडला किंवा मिश्रण ट्रेमध्ये पुरेसे दाबले गेले नाही. तेलकट लागली, तर ओव्हन पुरेसा तापलेला नव्हता.

नानखटाईशी नाते

शॉर्टब्रेड प्रथमच खाणाऱ्या भारतीयाच्या तोंडून नानखटाईचे नाव निघतेच. दोन्हींचा मूळ विचार एक आहे : पीठ, साखर आणि भरपूर स्निग्धता. परंतु एकापासून दुसरी निघाली असे मानण्यास आधार नाही. नानखटाईचा इतिहास सुरत शहराशी जोडला जातो. तेथील डच वखारीसाठी चालणारी बेकरी पुढे दोतीवाला या पारशी कुटुंबाकडे आली आणि तेथून हा पदार्थ रूढ झाला, अशी कथा प्रचलित आहे. नानखटाईत तूप असते, वेलदोडा किंवा जायफळ असते, अनेकदा बेसन आणि रवाही असतो, आणि चिमूटभर सोड्यामुळे तिला वरून भेगा पडतात. शॉर्टब्रेडला भेग पडणे हा दोष आहे. पुण्यातील लष्कर भागात १९५५ साली सुरू झालेल्या कयानी बेकरीमुळे प्रसिद्ध झालेले श्रूजबेरी बिस्किट हे याच घराण्यातील आणखी एक भावंड होय. त्याला नाव मिळाले आहे ते इंग्लंडमधील एका गावाचे.

शॉर्टब्रेड त्याच दिवशी खाण्यापेक्षा दुसऱ्या दिवशी अधिक चांगला लागतो. पूर्ण गार झालेल्या वड्या घट्ट झाकणाच्या पत्र्याच्या डब्यात ठेवल्यास दोन आठवडे उत्तम राहतात. मुंबई-कोकणासारख्या दमट हवेत पावसाळ्यात त्या लवकर मऊ पडतात. अशा वेळी १५० अंशांवर पाचसहा मिनिटे पुन्हा गरम करून गार केल्यास कुरकुरीतपणा परत येतो. कच्च्या पिठाची गुंडाळी करून ती फ्रीजरमध्ये महिनाभर ठेवता येते आणि पाहुणे आले की हव्या तेवढ्याच चकत्या कापून भाजता येतात. मसाल्यांच्या किंवा लोणच्याच्या जवळ मात्र हा डबा ठेवू नये, कारण लोणी शेजारच्या वस्तूंचा वास फार लवकर धरते.